एक छोटासा ब्रेक!

‘कुंईईई...’

सिग्नलला गाडी थांबवताना पुढच्या चाकातून असा आवाज येतोय? आणि तुम्ही काय करताय? एफएमचा व्हॉल्यूम वाढवताय! नॉट डन, बॉस. तो आवाज म्हणजे गाडीने तुम्हाला पाठवलेला एसएमएस आहे : ‘पॅड संपत आलेत, लक्ष दे.’ पुष्कळ ब्रेक पॅडना धातूची एक छोटी पट्टी मुद्दाम बसवलेली असते. पॅड झिजून पातळ झाला, की ती फिरत्या डिस्कला घासते आणि ओरडते. हा मेसेज इग्नोर केलात, तर पुढचा येतो तो ‘खर्रर्र’ असा. म्हणजे पॅडचा मसाला संपला आणि मागचं लोखंड थेट डिस्कवर घासायला लागलं. मग पॅडबरोबर डिस्कही बदला. बिल डबल, त्याहून जास्त!

आता मुद्द्याचं बोलू. पुढच्या चाकांचे ब्रेक पॅड घरी बदलता येतात का? येतात. साध्या गाडीचे, साध्या पान्यांनी, निवांत दोन-तीन तासांत. काम सोपं आहे. पण या कामात ‘चलता है’ चालत नाही, कारण शेवटची सही आपली असते.

झिजतो कुठे, कस लागतो कुठे

मुंबई-ठाण्यात नोकरी आणि आईबाबा जालन्यात, असे आपल्या वाचकांत कमी नाहीत. ११ डिसेंबर २०२२ ला समृद्धी महामार्गाचा नागपूर-शिर्डी टप्पा सुरू झाला आणि ५ जून २०२५ ला इगतपुरी-आमणे हा शेवटचा टप्पा. ७०१ किलोमीटरचा अख्खा रस्ता खुला झाला आणि लाँग वीकेंडला जालना एकदम जवळ आलं.

गंमत बघा. समृद्धीवर तासन् तास ब्रेकला पायही लागत नाही. पॅड झिजतो तो घोडबंदरच्या ट्रॅफिकमध्ये, दर वीस फुटांवर. पण त्याचा खरा कस लागतो समृद्धीवर, अचानक पुढे काही आडवं आलं तर. तिथे कारला १२० ची मर्यादा आहे. ६० वरून थांबायला ब्रेकला जेवढी ऊर्जा पचवावी लागते, तिच्या चौपट १२० वरून लागते. दुप्पट नाही, चौपट! माणसं धरून १,२०० किलोची गाडी १२० वरून पूर्ण थांबवताना जी उष्णता तयार होते, तिच्यात सुमारे दोन लिटर पाण्याला उकळी येईल. गॅसवर याला कितीतरी मिनिटं लागतात. इथे हा सगळा खेळ पाच-सहा सेकंदांत, आणि त्यातला मोठा वाटा पुढच्या चार पॅडवर.

नव्या पॅडवर साधारण १० ते १२ मिलिमीटर मसाला असतो. ३ मिलिमीटरवर आला, की बदला. अलॉय व्हील असेल तर आरे आणि टॉर्चच्या मदतीने पॅड बाहेरूनही दिसतो. पण आतल्या बाजूचाही बघा, तो कधी कधी आधी संपतो.

अंगण छान, पण काळी माती?

शहरात हे काम करायचं कुठे, हाच प्रश्न. सोसायटीच्या पार्किंगला उतार, वर सेक्रेटरीकाकांची नजर. गावच्या घरी मात्र अंगण असतं, दुपार मोकळी असते आणि हाताशी माणूस असतं. शिवाय मंठा, परतूर, जाफराबादकडे घर असेल, तर कंपनीचं सर्व्हिस सेंटर गाठायचं म्हणजे अनेकदा जालना शहर, नाहीतर तिथून साठेक किलोमीटरवरचं छत्रपती संभाजीनगर. सुट्टीचा एक दिवस गेलाच समजा.

पण एक सांभाळा. मराठवाड्याची काळी माती कपाशीला सोन्यासारखी, जॅकला मात्र वैरीण. वरून टणक दिसते आणि वजन आलं की खचते. जॅक तिरका झाला की गाडी घसरलीच. त्यामुळे सिमेंटचा सपाट कोबा शोधा. तो नसेल तर हे काम त्या दिवशी नको.

गाडीबरोबर आलेला जॅक स्टेपनी बदलण्यापुरता असतो. गाडी उचलायला तो वापरा, पण गाडी टेकवा ती लोखंडी स्टँडवर. विटा रचून ‘जुगाड’ करायचा नाही. वीट वजनाखाली न सांगता फुटते.

चला, बाह्या सरसावा

गाडी पहिल्या गिअरमध्ये, ऑटोमॅटिक असेल तर ‘पी’वर. हँडब्रेक ओढा. मागच्या चाकांना पुढून-मागून दगडाची उटी लावा. चाक जमिनीवर असतानाच नट अर्धा आटा सैल करा. मग गाडीच्या पुस्तकात दाखवलेल्या जागीच जॅक लावा, गाडी उचला, स्टँडवर टेकवा. काढलेलं चाक बाजूला भिंतीला उभं करू नका, गाडीच्या उंबऱ्याखाली आडवं सरकवा. स्टँड दगा द्यायचा झालाच तर गाडी चाकावर बसेल, तुमच्यावर नाही.

चाक निघालं की डिस्क दिसते आणि तिला चिमट्यात धरणारा कॅलिपर. काही काढण्याआधी मोबाइलवर दोन-तीन फोटो काढा. जोडताना ‘ही पट्टी कुठली?’ हा प्रश्न पडतोच. पुष्कळ छोट्या गाड्यांत कॅलिपरच्या मागचा खालचा बोल्ट काढला, की तो झाकणासारखा वर उचलला जातो. पूर्ण काढावा लागला, तर तारेने स्प्रिंगला बांधा. ब्रेकच्या रबरी पाइपवर त्याला लोंबकळत ठेवायचं नाही. पाइप आतून फाटला तर बाहेरून कळतही नाही.

जुने पॅड काढले की फेकू नका, शेजारी ठेवून बघा. दोन्ही सारखे झिजलेत? ग्रेट. एक जाड आणि एक कागदासारखा? मग पिस्टन किंवा सरकणारी पिन अडकलीय. तिथे नुसते नवे पॅड घालून उपयोग नाही, मिस्त्रीला बोलवा.

काळी भुकटी तोंडाने फुंकू नका, हवाही मारू नका. ती फुप्फुसात जायची वस्तू नाही. ओल्या फडक्याने पुसा.

आता नवे पॅड जाड, त्यामुळे पिस्टन मागे ढकलायला हवा. जुना पॅड त्याच्यावर ठेवून सी-क्लॅम्पने हळूहळू दाबा. त्याआधी बॉनेट उघडून ब्रेक ऑइलची टाकी बघा. इथे एक मस्त लॉजिक आहे. पॅड झिजतात तसे पिस्टन पुढे सरकतात आणि टाकीतलं ऑइल खाली जातं. कुणी मध्येच ‘टॉप-अप’ केलं असेल, तर पिस्टन मागे जाताना ते उतू जाणार. हे ऑइल गाडीचा रंग खातं, म्हणून आधीच थोडं काढून घ्या. आणि ऑइलची पातळी खाली दिसली, की नुसतं ओतू नका, आधी पॅड बघा. पॅड ठीक असतील तर गळती शोधा.

पिन आणि सरकायच्या जागांना ब्रेकसाठीच मिळणाऱ्या ग्रीसचा पातळ हात. पॅडच्या मसाल्याला किंवा डिस्कला ग्रीस, तेल, अगदी चिकट बोटही लागता कामा नये. फोटो बघून सगळं जोडा. बोल्ट किती घट्ट, हे प्रत्येक गाडीचं वेगळं असतं. त्या गाडीचा आकडा शोधून टॉर्क पान्यानेच आवळा. चाकाचे नट समोरासमोर, एकाआड एक.

एक बाजू पूर्ण झाल्यावरच दुसरी उघडा. अडलात तर बघायला एक बाजू जोडलेली असते. आणि दोन्ही बाजू एकाच दिवशी. डावीकडे नवे, उजवीकडे जुने, तर जोरात ब्रेक मारताना गाडी एका अंगाला ओढेल. काम चालू असताना घरातल्या छोट्या मंडळींना ड्रायव्हर सीटवर बसू देऊ नका. कॅलिपर उघडा असताना पेडल दाबलं, तर पिस्टन बाहेर!

पहिलं पेडल

आता सगळ्यात महत्त्वाचं. सगळं जोडलं, हात धुतले, आई म्हणाली, ‘जा, चक्कर मारून ये.’ थांबा! पिस्टन मागे ढकललेत, म्हणजे पॅड आणि डिस्कमध्ये फट आहे. पहिल्यांदा ब्रेक दाबाल तेव्हा पेडल सरळ खाली जाईल आणि गाडी थांबणार नाही. समोर फाटक असेल, गाय असेल, शेजारचं पोरगं असेल. म्हणून गाडी जागची हलवण्याआधी पेडल हळूहळू, पुन्हा पुन्हा दाबत राहा, ते वर येऊन टणक लागेपर्यंत. मग ऑइलची पातळी बघा. इंजिन सुरू करून पुन्हा दाबा. दाबून धरल्यावर खाली खाली जात असेल, तर गाडी हलवायचीच नाही.

नवे पॅड लगेच पूर्ण पकडतही नाहीत. मोकळ्या, सरळ रस्त्यावर मध्यम वेगावरून आठ-दहा वेळा हळूवार ब्रेक लावून वेग कमी करा, मध्ये थोडं चालवून थंड होऊ द्या. पाकिटावर वेगळं लिहिलं असेल तर ते पाळा. नंतरचे दोन-तीनशे किलोमीटर जरा सांभाळून. पॅड बदलले त्याच संध्याकाळी समृद्धीवर १२० किंवा अजिंठ्याचा घाट, असला प्लॅन नको.

इथे हात जोडा

ब्रेक लावताना स्टिअरिंग थरथरतंय, डिस्कवर खोल चरे आहेत, तिच्यावर कोरलेल्या किमान जाडीपेक्षा ती पातळ झालीय, कुठे ऑइल पाझरतंय, पेडल स्पंजसारखं लागतंय? मग घरगुती प्रयोग बंद. मागचे ड्रम ब्रेक आणि बटणाचा हँडब्रेक असलेल्या गाडीची मागची चाकं, हेही गॅरेजचंच काम. आणि ‘माझ्या गाडीला एबीएस आहे’ हे उत्तर नाही. २०१९ पासून आपल्याकडे नव्या गाड्यांना एबीएस सक्तीचं आहे, पण ते चाक लॉक होऊ देत नाही, एवढंच. संपलेल्या पॅडला ते काय करणार?

पहिल्यांदा करताय? ओळखीच्या मिस्त्रीला घरी चहाला बोलवा. ‘उस्ताद, आज पाना माझ्या हातात, तुम्ही फक्त बघा,’ म्हणा. त्याच्या वेळेचे पैसे द्या. पुढच्या वेळी गॅरेजमध्ये गेलात तरी ‘जुने पॅड दाखवा’ म्हणायचा कॉन्फिडन्स येईल, तो बोनस.

आणि ‘हे आपलं काम नाही’ असं वाटत असेल, तर बर्था बेंझ आठवा. ऑगस्ट १८८८ मध्ये ही बाई दोन मुलांना घेऊन, नवऱ्याने बनवलेल्या गाडीतून मानहाइमहून फोर्झहाइमला माहेरी निघाली. अंतर शंभरएक किलोमीटर. उतारावर लाकडी ब्रेक पकडेनात, तेव्हा तिने वाटेतल्या चर्मकाराकडून त्यांवर चामडं ठोकून घेतलं. जगातलं पहिलं ब्रेक लायनिंग, म्हणतात ते हेच. तिच्याकडे ना मॅन्युअल होतं, ना टॉर्क पाना. तुमच्याकडे दोन्ही आहे.

उरले जुने पॅड. ते भंगारवाल्याला द्या. जालना म्हणजे भंगार वितळवून सळई करणारं गाव. काय सांगावं, तुमच्या पॅडची लोखंडी पाठ उद्या कुणाच्या तरी घराच्या स्लॅबमध्ये असेल!

पुढच्या आठवड्यात भेटूच. तोवर एफएमचा आवाज जरा कमी ठेवा आणि गाडी काय म्हणतेय, ते ऐका.