सामने गाव का सोडतात?

कोल्हापूरहून महामार्गाने कागलकडे निघाले की लक्ष्मी टेकडीजवळ पंचतारांकित औद्योगिक वसाहतीचा फाटा लागतो. आत किर्लोस्कर ऑइल इंजिन्सचा कारखाना आहे, रेमंडच्या उंची सुती कापडाचा आहे, इंडो काउंटच्या चादरींचा आहे, आणि त्यांना सुटे भाग, खोकी, धागा, जेवणाचे डबे पुरवणारे शेकडो लहान उद्योग आहेत. एवढा पसारा उभा राहिला की एक मागणीही हळूहळू डोके वर काढते. येथे एक भव्य बंदिस्त क्रीडागृह बांधा. प्रो कबड्डी येईल, कुस्तीची लीग येईल, उद्या अमेरिकेचे बास्केटबॉलवालेही येतील. हॉटेले भरतील, गाड्या धावतील, शंभर हातांना काम मिळेल. आमच्या परिसरातील काही धडपडे व्यापारी अशा कामात पैसे घालण्याच्या गोष्टी गंभीरपणे करतात. म्हणूनच हा विषय आम्ही खेळाच्या नव्हे, व्यापाराच्या पानावर घेतला आहे.

आमचे मत आधीच सांगतो. क्रीडागृह लहान आहे किंवा गाव आडबाजूला आहे म्हणून मोठे सामने तेथून जात नाहीत. ज्याच्या थैलीतून सामन्याचा खर्च निघतो तो माणूस त्या गावात बसत नाही, म्हणून ते जातात. इमारत बांधून हा माणूस येत नसतो.

प्रथम प्रदर्शनी सामना म्हणजे काय ते पाहू. अमेरिकेत व्यावसायिक बास्केटबॉलची एनबीए ही संघटना आहे. तिचा हंगाम ऑक्टोबरच्या अखेरीस सुरू होतो. त्याआधी सरावासाठी काही सामने होतात, ज्यांचे गुण कोठेच धरले जात नाहीत. पूर्वी प्रत्येक संघ असे सात-आठ सामने खेळे आणि त्यांतले काही मुद्दाम आसपासच्या छोट्या शहरांत नेई. उपनगरातल्या माणसाला नामवंत खेळाडू जवळून बघायला मिळत, तिकीट शहरापेक्षा स्वस्त असे. २०१७ पासून संघटनेने सराव सामन्यांची संख्या सहावर आणली. माल कमी झाला की तो आधी कोणत्या दुकानातून गायब होतो, हे व्यापाऱ्याला सांगायला नको.

दुसरे कारण हिशेबाचे आहे. संघ स्वतःच्या मैदानावर खेळला तर तिकीट, वाहनतळ, खाण्यापिण्याचे गाळे, जाहिरातीचे फलक, बड्या ग्राहकांच्या खास खोल्या, सगळ्यांचे उत्पन्न तेथेच राहते. शिवाय वर्षभराच्या तिकिटांच्या गठ्ठ्यात हे सराव सामनेही घालून विकता येतात. बाहेरगावी गेले की संघ एक ठोक रक्कम मागतो आणि बाकीचा धोका स्थानिक आयोजकाच्या गळ्यात पडतो. विमा, राहणे, सुरक्षा, प्रक्षेपणाची व्यवस्था, सगळे त्याच्याकडे. दहा हजार खुर्च्या भरल्या तरी नुसत्या तिकिटावर हे भागेलच असे नाही. भागवतो तो प्रायोजक.

याचे एक बोलके उदाहरण कॅलिफोर्नियात आहे. लॉस एंजेलिसच्या पूर्वेस सुमारे साठ किलोमीटरवर ओंटारिओ नावाचे शहर आहे. विमानतळ, महामार्ग आणि मैलोगणती गोदामे, अशी त्याची ओळख. आपल्याला कागलच आठवावे. तेथे २००८ मध्ये सुमारे दहा हजार आसनांचे क्रीडागृह उघडले आणि पुढे लॉस एंजेलिसचा लेकर्स संघ तेथे अनेकदा सराव सामने खेळला. आता ते सामने कोठे गेले? एक भाग लास व्हेगासच्या मोठ्या क्रीडागृहात गेला, आणि दुसरा पाम डेझर्टला. हे पाम डेझर्ट लॉस एंजेलिसपासून ओंटारिओच्या तिप्पट दूर, वाळवंटातले गाव. तेथले क्रीडागृह डिसेंबर २०२२ मध्ये उघडले आणि आकाराने ओंटारिओच्याच बरोबरीचे आहे. म्हणजे लहानपण आड आले नाही, अंतरही आड आले नाही. फरक एवढाच की पाम डेझर्टच्या परिसरात सुटी घालवणारे आणि निवृत्तीनंतर येऊन राहिलेले पैसेवाले लोक आहेत, आणि ओंटारिओत गोदामात काम करणारे. गोदामवाल्याला सामना आवडत नाही असे नाही. त्याच्या आवडीवर जाहिरातदार कमी पैसे लावतो, इतकेच. क्लिपर्स संघाचा दुय्यम संघ ओंटारिओत २०१७ पासून खेळत होता. तोही २०२४ मध्ये सॅन डिएगोजवळ ओशनसाइडला निघून गेला.

हीच गोष्ट आपल्या मुंबईतही घडली आहे. ४ आणि ५ ऑक्टोबर २०१९ रोजी वरळीच्या एनएससीआय डोममध्ये सॅक्रामेंटो किंग्ज आणि इंडियाना पेसर्स यांचे दोन प्रदर्शनी सामने झाले. एनबीएचे भारतात झालेले ते पहिले सामने. पहिला सामना पेसर्सने जादा वेळेत १३२-१३१ असा जिंकला, दुसराही त्यांनीच. वरळीचा डोम एनबीएच्या मानाने अगदी छोटा, पाच-सहा हजारांचा. तरी सामने आले, कारण किंग्जचे मालक विवेक रणदिवे मूळ मुंबईचे, पहिल्या सामन्याला रिलायन्स फाउंडेशनच्या बास्केटबॉल उपक्रमातली शाळकरी मुले प्रेक्षक म्हणून आणलेली, आणि जाहिरातदारांच्या कचेऱ्या टॅक्सीच्या अंतरावर. पुढे करोना आला. त्यानंतर एनबीएने परदेशी सराव सामने पुन्हा सुरू केले तेव्हा २०२२ पासून दरवर्षी ते अबू धाबीत झाले, आणि २०२५ मध्ये मकाऊलाही. अबू धाबीत सरकारचे पर्यटन खातेच भागीदार आहे, मकाऊत कॅसिनोवाले. जेथे मुंबईचीही थैली अपुरी पडली, तेथे कागलने एनबीएची वाट पाहावी का, याचे उत्तर वाचकांनीच द्यावे.

बास्केटबॉल दूरचे म्हणून सोडा. कबड्डी तर आपल्या मातीतली. इचलकरंजी आणि सांगलीकडची मुले तिच्यावर पोसली. प्रो कबड्डी २०१४ मध्ये सुरू झाली तेव्हा प्रत्येक संघाच्या गावी मुक्काम ठोकत तांडा फिरत असे. करोनाकाळात २०२१-२२ चा सगळा हंगाम बंगळुरात एकाच छताखाली उरकला आणि संयोजकांच्या लक्षात आले की असेही चालते. कारण खरा पैसा दूरचित्रवाणीचा. कॅमेरे, दिवे, मॅट गावोगाव हलवणे म्हणजे खर्च. २०२३-२४ मध्ये पुन्हा बारा शहरे झाली, पण २०२४ मध्ये हैदराबाद, नोएडा आणि पुणे अशी तीनच उरली. २०२५ मध्ये विशाखापट्टणम, जयपूर, चेन्नई आणि दिल्ली. त्या वर्षी पुणेरी पलटण अंतिम सामन्यापर्यंत पोहोचली आणि दिल्लीत दबंग दिल्लीकडून हरली. पुण्यात त्या हंगामाचा एकही सामना झाला नाही. ज्या शहरात आपण सामने पळवले जातात असे म्हणतो, त्याच्याच हातून सामने गेले.

कुस्तीची लीग २०१५ मध्ये सहा शहरांत फिरली आणि २०१७ मध्ये दिल्लीच्या एकाच क्रीडागृहात जाऊन बसली. त्या क्रीडागृहाला नाव आहे खाशाबा जाधवांचे, ज्यांनी कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात शिकताना कुस्ती घोटली आणि १९५२ मध्ये हेलसिंकीत कांस्यपदक मिळवले. क्रिकेटमध्ये महाराष्ट्र प्रीमियर लीग २०२३ मध्ये सुरू झाली, तीत ‘कोल्हापूर टस्कर्स’ नावाचा संघ होता, केदार जाधव त्याचा कर्णधार होता; पण त्या हंगामातले सर्व सामने पुण्याजवळ गहुंज्यात झाले. नाव आमचे, तिकीटखिडकी दुसऱ्याची. व्यापारात याला काय म्हणतात ते लिहिण्याची गरज नाही.

आता कागलच्या कारखान्यांकडे पुन्हा येऊ. येथे माल बनतो, हे खरे. पण किर्लोस्कर ऑइल इंजिन्सचे मुख्य कार्यालय पुण्यात आहे, रेमंडचा कारभार मुंबई-ठाण्यातून चालतो, इंडो काउंटचेही मुख्य कार्यालय मुंबईत. इंडो काउंटच्या चादरी प्रामुख्याने अमेरिकेच्या दुकानांत विकल्या जातात. त्या कंपनीने कागलच्या क्रीडागृहात फलक लावून कोणाला काय विकावे? कागलच्या व्यवस्थापकाकडे उत्पादनाचा, वीजबिलाचा, कामगारांचा अधिकार असतो. जाहिरातीच्या पैशावर सही करणारा हात दुसरीकडे असतो. कंपनी वाईट आहे म्हणून असे होत नाही. धंद्याची रचनाच तशी आहे.

कोणी म्हणेल, सामाजिक दायित्वाचा निधी आहे की! २०१३ च्या कंपनी कायद्याने ठरावीक आकाराच्या कंपन्यांना मागील तीन वर्षांच्या सरासरी नफ्याचे दोन टक्के समाजकार्यावर खर्चावे लागतात आणि त्यात स्थानिक भागाला प्राधान्य द्यावे असेही म्हटले आहे. पण त्यात बसते ते ग्रामीण व ऑलिंपिक खेळांचे प्रशिक्षण. एक दिवसाचा तमाशेवजा कार्यक्रम, त्याची जाहिरात किंवा प्रायोजकत्व त्यात बसत नाही, असे केंद्र सरकारने २०१४ मध्येच परिपत्रक काढून स्पष्ट केले आहे. म्हणजे या निधीतून प्रशिक्षक मिळेल, मॅट मिळेल, मुलांना खुराक मिळेल; पण प्रो कबड्डीचा मुक्काम मिळणार नाही. आम्हाला तर हा सौदा उलट फायद्याचा वाटतो.

थैली गावात असली म्हणजे काय होते, हे कोल्हापूरइतके कोणी पाहिले नसेल. शाहू महाराजांनी युरोपच्या दौऱ्यात रोमचा जुना आखाडा पाहिला आणि १९१२ मध्ये खासबागेचे मैदान तयार झाले. जमीन खणून केलेला तो वाडगा. कोठेही बसा, आखाडा दिसतो. त्या काळी रेल्वेने दिवसचे दिवस प्रवास करून पंजाबचे नामवंत मल्ल कोल्हापुरात येत. कोल्हापूर काही तेव्हा मुंबईपेक्षा मोठे नव्हते. आश्रयदाता मात्र येथेच राजवाड्यात होता आणि स्वतः मैदानात येऊन बसत होता.

राजे गेले तरी ती रीत गेली नाही, फक्त तिचे तुकडे झाले. आजही गावोगावच्या जत्रेत कुस्तीचे मैदान भरते. पाच-सात हजार वस्तीचे गाव लोकवर्गणी काढते. मैदानाच्या पत्रकावर प्रत्येक जोडीपुढे इनामाची रक्कम आणि ती देणाऱ्याचे नाव छापलेले असते. एक नंबरची कुस्ती कारखान्याची किंवा सोसायटीची, दोन नंबरची ट्रॅक्टरवाल्या विक्रेत्याची, पुढे किराणावाला, सराफ, परगावी नोकरीला असलेला गावचा सुपुत्र. अलीकडे अशा मैदानांवर इराणचे मल्लसुद्धा दिसतात. तेथे बंदिस्त क्रीडागृह नाही, खुर्च्या नाहीत, पुष्कळदा तिकीटही नाही. तरीही सामना गाव सोडून गेलेला नाही. कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवरील फुटबॉलचेही तेच. पाटाकडील, खंडोबा, बालगोपाल, दिलबहार या तालमी आणि त्यांच्यामागे उभ्या असलेल्या पेठा तो खेळ धरून आहेत. लीगवाले आले नाहीत म्हणून त्यांचे काही अडले नाही.

म्हणून पंचतारांकितमधील उद्योजकांना आमची सूचना अशी की, बाहेरचा तांडा डोळ्यांपुढे ठेवून दहा हजार खुर्च्यांची इमारत मागू नका. दीड-दोन हजार माणसे बसतील असे, मॅट अंथरता येईल आणि बास्केटबॉलच्या जाळ्याही लावता येतील असे साधे सभागृह मागा. जागेचा अर्ज करण्याआधी वर्षाच्या संध्याकाळी मोजा: कारखान्या-कारखान्यांतील स्पर्धांच्या किती, शाळा-कॉलेजांच्या किती, लग्नाच्या आणि मालाच्या प्रदर्शनांच्या किती. निम्म्या संध्याकाळी स्थानिक भाड्याने भरत नसतील तर बँकेकडे जाऊच नका. आणि लहान कारखानदारांनी जत्रेच्या पत्रकाप्रमाणे एकत्र वर्गणीची यादी करावी. नाव कोणत्या जोडीपुढे छापायचे यावर भांडणे होतील, ती दर जत्रेत होतातच.