दावा चालू, सारा बंद?

गावाकडच्या जमिनीचा दावा कोर्टात उभा राहिला की आमच्या पुष्कळ घरांत सारा भरणे थांबते. मुंबईचा भाऊ म्हणतो, कसतो तो भरील. गावचा म्हणतो, निकाल लागू दे, मग बघू. निकालाला वीस वीस वर्षे लागतात आणि तोवर थकबाकी तलाठ्याच्या दप्तरात (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणतात) वाढत राहते.

दावा लागला म्हणून सारा थांबत नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, 1966 प्रमाणे साऱ्याचा पहिला बोजा त्या जमिनीवरच असतो. सामाईक खात्यातले सर्व खातेदार मिळून आणि एकेकटेही त्याला जबाबदार असतात. वसुलीलाच कोर्टाची मनाई असेल तर गोष्ट वेगळी. थकबाकीपोटी जमीन लिलावात निघते, बोली बोलणारा कोणी आला नाही तर नाममात्र बोलीवर सरकारच ती घेते आणि सातबाऱ्यावर 'आकारीपड' असा शेरा चढतो. भावाभावांनी कोर्टात झुंजायचे आणि जमीन सरकारजमा व्हायची! लहान तुकड्याचा सारा उपकरासह बहुधा एसटीच्या तिकिटाहून कमी असतो, हेही लक्षात घ्यावे.

आमच्या समाजात जमीन असली तर ती पुष्कळदा वतनाची. बाबासाहेबांनी 1928 साली मुंबई कायदेमंडळात महार वतनाचे बिल मांडले; पण वतन प्रत्यक्षात संपले ते 1958 च्या कनिष्ठ गाव वतन निर्मूलन कायद्याने. पूर्ण आकाराच्या 3 पट रक्कम भरणाऱ्याला जमीन परत मिळाली, तीही नव्या शर्तीवर, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीवाचून विकता येणार नाही अशी. आज त्या जमिनीचा सातबारा काढावा तर अर्धी भावकी त्यावर, त्यांतली निम्मी नावे मयतांची, आणि कसणारा भलताच कोणी. त्याच्याकडे पावत्यांचा गठ्ठा असतो, आमच्याकडे आजोबांच्या आठवणी.

पावती म्हणजे मालकी नव्हे. महसुली नोंदीने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी सांगितले आहे. पण जमीन कोणाच्या ताब्यात होती हे दाखवायला पावती पुरावा म्हणून पुढे येते. 12 वर्षांच्या प्रतिकूल कब्जाची भाषा करणारा माणूस आधी पावत्याच काढतो. सख्ख्या भावाने सारा भरला म्हणून मात्र दुसऱ्याचा हिस्सा बुडत नाही. त्या भीतीने बहिणीने किंवा मुंबईकराने मागे राहू नये.

तेव्हा करायचे काय? गाव नमुना 8 अ काढून खात्यावर किती आकार आहे ते पाहावे आणि जमल्यास सगळ्या खात्याचा सारा भरून टाकावा. पावती खातेदाराच्या नावे निघते. तीवर 'हस्ते' म्हणून आपले नाव घालून घ्यावे. वाद आहे म्हणून घेत नाही, असे उत्तर मिळाले तर तोंडी भांडू नये. 'हक्क अबाधित ठेवून सारा भरण्यास तयार आहे' असा अर्ज तहसील कार्यालयात देऊन दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का घ्यावा. तो कागद पुढे वकिलाच्या कामी येतो.

दुसऱ्याच्या वाट्याचे भरलेले पैसेही बुडत नाहीत. ज्याचा हितसंबंध आहे त्याने दुसऱ्याचे कायदेशीर देणे भरले तर ते वसूल करता येते, असे करार कायदा, 1872 चे कलम 69 सांगते; तिथे दिलेले उदाहरणच साऱ्याचे आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेत तर त्याहून मोठी गोष्ट आहे. आदेश 39, नियम 9 पाहावा: ताब्यात असलेल्या पक्षकाराने सारा थकवला आणि त्यामुळे जमीन विक्रीला निघाली, तर दाव्यातला दुसरा पक्षकार थकबाकी भरून कोर्टामार्फत ताबा मागू शकतो. आपल्या वकिलाला हा नियम जरूर विचारावा. पुष्कळांना तो आठवत नाही.

महसुली वर्ष 31 जुलैला संपते. गावी जाणाऱ्याच्या हाती त्याआधी खाते नंबर आणि पैसे द्यावेत, आणि परत आल्यावर पावतीची झेरॉक्स काढून दाव्याच्या फायलीत लावावी.