पडद्यावरचा नारायण कांबळे

सिनेमा-मालिकांत काम मिळावे म्हणून आज आपल्या वस्त्यांतील अनेक मुले धडपडत आहेत. निडी, नागोठणे, रोहे या पट्ट्यातील मुलांना तर मुंबई रेल्वेने जवळच. कला शिकण्यात वाईट काहीच नाही. पण चार ठिकाणी नकार मिळाला की मुलगा खचतो, आणि घरची माणसे ‘वर्षे फुकट घालवलीस’ म्हणून त्याला बोल लावतात. अशा मुलांनी आणि त्यांच्या आईवडिलांनी नागपूरचे कालकथित वीरा साथीदार यांची ओळख करून घ्यावी.

साथीदार हे पेशाने नट नव्हते. ते आंबेडकरी चळवळीतील कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’ या नियतकालिकाचे संपादक. आयुष्याची बरीच वर्षे चळवळीत घालवल्यावर चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ या चित्रपटात ते पडद्यावर आले. त्यात त्यांनी नारायण कांबळे या लोकशाहिराची भूमिका केली. चित्रपटातील गीते शाहीर संभाजी भगत यांची आहेत.

गोष्ट साधी पण अंगावर काटा आणणारी आहे. मुंबईत गटार साफ करणारा एक कामगार मरतो. शाहिराचे गाणे ऐकून त्याने आत्महत्या केली, असा आरोप ठेवून म्हाताऱ्या कांबळेंना अटक होते. पुढे त्या कामगाराची पत्नी साक्ष देते. गटारात उतरण्याआधी झुरळ बाहेर येते का, एवढे पाहून हा माणूस आत हवा आहे की नाही ते ठरवीत असे. अंगावर सुरक्षेचे कसलेही साधन नाही. वास सहन व्हावा म्हणून दारू प्यायची. त्याला कशाने मारले हे प्रेक्षकाला कळते, तरीही आरोपीच्या पिंजऱ्यात उभा राहतो तो शाहीरच!

कोर्टात या शाहिराच्या वाट्याला बोलणे फार थोडे आहे. वकील बोलतात, न्यायाधीश तारखा देतात, आरोपी मुकाट बसतो. पण वस्तीतल्या मंचावर उभा राहिला की तोच माणूस पेटून उठतो. साथीदारांना हे जमले, कारण असे मंच त्यांनी आयुष्यभर पाहिले होते.

‘कोर्ट’ला २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात पारितोषिके मिळाली. पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि २०१५ साली भारतातर्फे तो ऑस्करसाठी पाठवला गेला. एवढा गाजावाजा होऊनही साथीदारांकडे चित्रपटांची रांग लागली नाही, आणि त्यावाचून त्यांचे काही अडलेही नाही. ते नागपुरात चळवळीतच राहिले. १३ एप्रिल २०२१ रोजी, बाबासाहेबांच्या जयंतीच्या आदल्या दिवशी, कोरोनाने त्यांना आपल्यातून नेले. त्यांची भूमिका असलेला ‘जयंती’ हा चित्रपट त्याच वर्षी नोव्हेंबरात पडद्यावर आला, तेव्हा तो पाहायला ते नव्हते.

मोजके चित्रपट, एवढीच त्यांची नट म्हणून कारकीर्द. तिला अपयश म्हणायचे का? ज्या माणसाजवळ सांगण्यासारखे काही आहे, त्याला एक भूमिकाही पुरते. म्हणून मुलांनो, नट जरूर व्हा. पण आधी वाचा, पोटापाण्याचे एखादे काम हाताशी ठेवा, विहाराच्या आणि जयंतीच्या मंचावर उभे राहायला शिका. तो मंच लहान नाही. जलशांनी बाबासाहेबांचा विचार खेडोपाडी नेला तो अशाच मंचांवरून.

आणि वडीलधाऱ्यांनो, आपापल्या वस्तीत कोण जलशात गात होते, कोण ढोलकी वाजवीत होते, त्यांची नावे वहीत उतरवून ठेवा. साथीदारांचा चेहरा कॅमेऱ्याने जपला. आपल्या गावच्या शाहिरांसाठी कॅमेरा आला नव्हता. त्यांना आपणच जपले पाहिजे.

येत्या १३ एप्रिलला संध्याकाळी विहारात सर्वांनी मिळून ‘कोर्ट’ पाहावा, महिला मंडळाने पुढाकार घ्यावा, आणि त्यावर तासभर चर्चा करावी. गटारात आजही माणसे मरतात. पुरस्कारांनी ते थांबलेले नाही, हे त्या चर्चेत विसरू नये.

जय भीम!