उद्यमबागेतील अर्ध्या तासाची मराठी

1 नोव्हेंबरचा काळा दिन आणि 17 जानेवारीचा हुतात्मा दिन सीमाभागातील मराठी माणूस निष्ठेने पाळतो, आणि पाळलाच पाहिजे. पण वर्षाच्या उरलेल्या दिवसांत मराठी कुणाच्या बळावर जगते, हा प्रश्न आम्ही आज बेळगावातील जुन्या घराण्यांपुढे ठेवत आहोत.

उद्यमबागेत दुपारच्या सुट्टीत एकदा जाऊन पाहावे. लेथ थांबतात, फौंड्रीतले कामगार काळवंडलेले हात धुतात आणि सावलीला बसून डबे उघडतात. कुणी मच्छे, पिरनवाडीचा, कुणी मजगाव, अनगोळचा, कुणी थेट खानापूर तालुक्यातून आलेला. भाकरी एकाची, आमटी दुसऱ्याची. बोलणे भाताच्या पिकाचे, मुलीच्या परीक्षेचे, सोसायटीच्या हप्त्याचे, आणि तेही मराठीत. कन्नड सोबती त्यात मराठीतून भर घालतो, आपला माणूस त्याला कन्नडमधून उत्तर देतो. तिथे सक्ती नाही आणि भांडणही नाही.

हाच कामगार सरकारी कचेरीत गेला की मुका होतो. अर्ज कन्नडमध्ये, नोटीस कन्नडमध्ये. दुसऱ्याकडून वाचून घ्यायचे आणि दाखवतील तिथे सही करायची. 1956 पासून तिसरी पिढी हेच करीत आली.

वास्तविक राज्यघटनेचे कलम 350 स्पष्ट आहे. आपले गाऱ्हाणे राज्यात वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत मांडण्याचा हक्क प्रत्येकाला आहे. प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून मिळण्याची सोय करावी, असे कलम 350 अ सांगते; तेही 1956 मध्येच घटनेत आले. महाराष्ट्राने 2004 मध्ये सर्वोच्च न्यायालयात दाखल केलेल्या दाव्याचा निकाल लागायचा तेव्हा लागेल. हे हक्क वापरायला त्या निकालाची वाट पाहण्याचे कारण नाही.

म्हणून आमचे म्हणणे साधे आहे. ज्यांचे उद्यमबागेत कारखाने आहेत, त्यांनी सुरक्षेच्या सूचना कन्नडबरोबर मराठीतही लावाव्यात. ज्यांना लिहिता येते, त्यांनी आठवड्यातून एक तास काढून कामगारांचे अर्ज मराठीत लिहून द्यावेत आणि पोचपावती घ्यायला लावावी. आणि नातवंडांशी घरात मराठी बोलावे. मोर्चात घोषणा आपण द्यायच्या आणि भाषा सांभाळण्याचे ओझे मात्र डबा घेऊन येणाऱ्या कामगारावर टाकायचे, हे जुन्या घराण्यांना शोभत नाही.