विल्चेक यांचा कायदा आणि पोलंडचा छोटा दुकानदार

सत्तेवर असलेल्या कम्युनिस्ट पक्षानेच खासगी धंद्याला मोकळीक देणारा कायदा करावा आणि तोही असा, की त्या पक्षाच्या पाडावानंतर आलेल्या लोकशाही सरकारांना तो फारच सैल वाटावा, हा प्रकार पोलंडमध्ये घडला. २३ डिसेंबर १९८८ रोजी पोलंडच्या संसदेने, म्हणजे सेयमने, आर्थिक व्यवसायासंबंधीचा कायदा संमत केला व १ जानेवारी १९८९ पासून तो अमलात आला. त्या वेळचे उद्योगमंत्री म्येचिस्वाव विल्चेक यांच्याच नावाने तो आजही ओळखला जातो. खुल्या अर्थव्यवस्थेचे पोलिश पुरस्कर्ते या कायद्याला आदर्श मानतात आणि त्यानंतरचा काळ हा त्याच्या अधोगतीचा काळ असे सांगतात. या गौरवात तथ्य पुष्कळ आहे. परंतु तो ज्या रीतीने केला जातो, तीत अर्धी हकीकत गाळली जाते.

विल्चेक हे मुळात रसायनतज्ज्ञ. १९३२ साली जन्मलेला हा गृहस्थ तरुणपणीच पक्षाचा सभासद झाला, साबण व प्रसाधने बनविणाऱ्या सरकारी उद्योगात वरच्या पदांवर चढला आणि नंतर ती वाट सोडून स्वतःचे कारखाने काढू लागला. ‘इक्सी’ नावाची कपडे धुण्याची पावडर पोलिश घराघरांत पोहोचली, तिच्याशी त्यांचे नाव जोडले जाते. पक्षाचे सभासदत्व खिशात आणि खासगी कारखाना हाती, असा हा संयोग होता. देशातील धनिकांत गणना होणारा हा कारखानदार ऑक्टोबर १९८८ मध्ये पंतप्रधान राकोव्स्की यांच्या मंत्रिमंडळात उद्योगमंत्री झाला, तेव्हा पक्षातील जुन्या निष्ठावंतांना तो अपशकुनच वाटला असल्यास नवल नाही.

खासगी धंदा हा शब्द त्या देशात चार दशके शिवीसारखा वापरला गेला होता. १९४७ मध्ये हिलारी मिन्त्स यांनी ‘व्यापाराची लढाई’ पुकारली आणि थोड्याच वर्षांत बहुसंख्य खासगी दुकाने बंद पडली. शेती मात्र बव्हंशी शेतकऱ्यांच्याच हाती राहिली, हे पोलंडचे वैशिष्ट्य. शहरांतून चांभार, शिंपी, गाड्या दुरुस्त करणारे कारागीर, फुले व भाजीपाला पिकविणारे मळेवाले एवढाच खासगी वर्ग तग धरून होता. त्यांना ‘प्रिव्हाचाश’ असे हेटाळणीने म्हणत. किती माणसे नोकरीस ठेवावयाची, कच्चा माल कोठून घ्यावयाचा, दुकान कोठे मांडावयाचे, या प्रत्येक बाबतीत त्यांना कचेरीची मर्जी सांभाळावी लागे. माल मिळत नाही म्हणून धंदा चालत नाही आणि धंदा चालू दिला जात नाही म्हणून माल मिळत नाही, असे ते दुष्टचक्र होते. मांस तर जुलै १९८९ अखेरपर्यंत कुपनावरच मिळे.

विल्चेक यांच्या कायद्याने या चक्राचा आस काढून घेतला. अवघ्या ५४ कलमांचा हा कायदा. आर्थिक व्यवसाय सुरू करणे व चालविणे सर्वांना समान शर्तींवर मोकळे आहे, असे त्याने प्रारंभीच जाहीर केले. कायद्याने जे निषिद्ध नाही ते करण्यास धंदेवाल्यास मुभा राहील, असा त्याचा रोख होता. नोकर कितीही ठेवता येतील व त्यासाठी रोजगार कचेरीच्या मध्यस्थीची गरज नाही, हेही त्यात नमूद होते. खाणी, शस्त्रे व स्फोटके, मद्य, तंबाखू, औषधे अशा एकूण ११ क्षेत्रांपुरता परवाना आवश्यक ठेवला. इतरांना साधी नोंदणी पुरे. या कायद्याचे खरे महत्त्व सवलतींत नसून पुराव्याचा भार कोणी वाहावा, या प्रश्नाच्या उत्तरात आहे. पूर्वी नागरिकाने आपला धंदा का चालू द्यावा हे अधिकाऱ्यास पटवावयाचे होते. आता तो का बंद करावा, हे दाखवून देण्याची जबाबदारी अधिकाऱ्यावर आली.

परिणाम लगेच रस्त्यावर दिसला. वॉर्सात आणि इतर शहरांत लोकांनी पदपथावर घडीच्या खाटा मांडून त्यांवर माल पसरला. पुढे त्यांची जागा जबड्याप्रमाणे उघडणाऱ्या पत्र्याच्या टपऱ्यांनी घेतली. मार्च १९८९ मध्ये परकी चलनाच्या खासगी पेढ्यांना मान्यता मिळाली आणि हॉटेलांच्या दाराशी ‘चेंज मनी’ असे पुटपुटत उभे राहणारे दलाल उजळ माथ्याने काचेच्या खिडकीमागे बसू लागले. १९९० अखेर वैयक्तिक मालकीच्या नोंदलेल्या धंद्यांची संख्या ११ लाखांच्या पुढे गेली होती. त्या एका वर्षात किमती सरासरीने जवळजवळ सातपट झाल्या, सरकारी कारखान्यांतून माणसे कमी होऊ लागली. अशा वेळी घरोघरच्या चुली या खाटांनी आणि टपऱ्यांनी पेटत्या ठेवल्या. १ जानेवारी १९९० पासून अमलात आलेल्या बाल्त्सेरोविच योजनेचे श्रेय सांगताना हा पाया बहुधा विसरला जातो.

आता गाळलेली अर्धी हकीकत. छोट्या धंदेवाल्याला मोकळे करणाऱ्या याच मंत्र्याने १९८८ च्या शरद ऋतूत ग्दान्स्कची लेनिन गोदी बंद करण्याचा निर्णय जाहीर केला. कारण तोट्याचे सांगितले गेले. तोट्यात चाललेले कारखाने देशात थोडे नव्हते; परंतु ‘सॉलिडॅरिटी’ संघटनेचा जन्म १९८० साली या गोदीत झाला होता. निवड याच गोदीची व्हावी, हा योगायोग होता असे मानणे भोळेपणाचे ठरेल. लोकांना धंदा करू द्यावा, म्हणजे ते राजकारण विसरतील, असा त्या सरकारचा होरा असावा. तो साफ चुकला. फेब्रुवारी १९८९ मध्ये गोलमेज परिषद बसली, ४ जूनच्या निवडणुकीत पक्षाचा धुव्वा उडाला आणि सप्टेंबरात माझोव्येत्स्की यांचे सरकार आले. विल्चेक यांचे मंत्रिपद जेमतेम अकरा महिन्यांचे ठरले.

याहून गंभीर आक्षेप वेगळा आहे. दुकान उघडण्याचा हक्क सर्वांना सारखा मिळाला. परंतु गोदाम, मालमोटारी, यंत्रे, टेलिफोन आणि ओळखी यांपर्यंत सर्वांचा हात सारखा पोहोचत नव्हता. सरकारी कारखान्याचा संचालक स्वतःच एखादी खासगी कंपनी काढी, आपल्याच कारखान्याचा माल तिला स्वस्तात विकी आणि तोच माल बाजारभावाने बाहेर काढी. पक्षाच्या मर्जीतील अधिकाऱ्यांच्या या कंपन्यांनी त्या दिवसांत मोठा संताप निर्माण केला. खाटेवर मोजे विकणारी बाई आणि हा संचालक यांना कायद्याने एकाच तराजूत तोलले. सार्वजनिक मालमत्तेची राखण न करता दिलेले स्वातंत्र्य तिजोरीजवळ बसलेल्याला आधी मिळते, ही गोष्ट विल्चेक यांच्यासारख्या व्यवहारज्ञ माणसास कळली नसेल असे म्हणवत नाही.

तरीही संचालकांच्या लुटीस उतारा म्हणून मोजे विकणाऱ्या बाईच्या मागे पुन्हा कचेरी लावणे, हा न्याय नव्हे. पुढील वर्षांत नेमके तेच होत गेले. कायद्यावर दुरुस्त्यांचे थर चढले. परवाना, संमती, नियंत्रित नोंदणी अशी नावे बदलत गेली. प्रत्येक दुरुस्तीमागे ग्राहकाचे हित, आरोग्य, सुरक्षितता असे काही सबळ कारण होते. म्हणून एकाही दुरुस्तीस मोठा विरोध झाला नाही. १ जानेवारी २००१ पासून नव्या कायद्याने त्याची जागा घेतली, २००४ साली आणखी एक आला. विल्चेक एप्रिल २०१४ मध्ये निवर्तले. २०१८ च्या कायद्याने अनिषिद्ध ते अनुज्ञेय हे तत्त्व पुन्हा ठळकपणे मांडले आणि त्याबरोबरच लहान व मध्यम उद्योजकांचे गाऱ्हाणे ऐकण्यासाठी एक स्वतंत्र पद निर्माण केले. त्यावर पहिली नेमणूक झाली ती आदाम आब्रामोविच यांची. ते सत्ताधारी पक्षाचे संसद सदस्य होते. लहान धंदेवाल्यांना सामाजिक विम्याची वर्गणी ऐच्छिक असावी, ही मागणी त्यांनी लावून धरली. ती सरसकट कधीच मान्य झाली नाही. उलट १ जानेवारी २०२२ पासून आरोग्य विम्याच्या वर्गणीची करातून मिळणारी वजावट काढून घेण्यात आली आणि धंदेवाल्यांवरील बोजा वाढला. हा निर्णय घेणारे सरकार आब्रामोविच यांच्याच पक्षाचे होते.