पिढ्यांची पाठांतरे

संगणकाच्या पाठ्यपुस्तकांत भाषांच्या पाच पिढ्या सांगण्याची रूढी आहे. पहिली यंत्रभाषा, दुसरी असेंब्ली, तिसरीत फोरट्रान, कोबोल आणि सी, चौथीत एसक्यूएल, पाचवीत प्रोलॉग. ठाण्यापासून कल्याणपर्यंतच्या क्लासांतून मुले ही यादी घोकतात. आम्ही मराठीचे अध्यापक. हा प्रांत आमचा नव्हे, असे कोणी म्हणेल. पण ‘भाषा’ आणि ‘पिढी’ हे दोन्ही शब्द आमच्याच कोठारातून उचललेले आहेत, तेव्हा विचारपूस करण्याचा हक्क आम्हांस असावा.

सनावळीच पाहावी. सी आणि प्रोलॉग या दोन्ही १९७२च्या सुमाराच्या. तरी एक तिसऱ्या पिढीत, दुसरी पाचव्या. १९५८ची लिस्प कोबोलहून वर्षभराने थोरली, पण काही याद्या तिलाही पाचव्या पिढीत बसवतात. पणजीच्या आधी पणती जन्मल्याचे हे उदाहरण कोणत्याही कुळवृत्तान्तात सापडणार नाही! येथे मोजले जाते ते वय नव्हे, यंत्रापासूनचे अंतर. मग ‘पायरी’ म्हणावे. पण ‘पिढी’ म्हटले की जुने ते बाद, हा अर्थ आपोआप चिकटतो. विक्रेत्यांना तो सोयीचा होता. चौथ्या पिढीच्या नावाने तर प्रोग्रामरांवाचून काम भागेल, अशी आशा दाखवली गेली. जपानने १९८२मध्ये ‘पाचव्या पिढीच्या संगणका’चा प्रकल्प हाती घेतला आणि तर्काधिष्ठित भाषांना तो आकडा चिकटला. इकडे ‘म्हातारी’ कोबोल आजही बँकांचे हिशेब सांभाळते आहे.

खरे नाते हवे असेल तर कुळ पाहावे. बीसीपीएलपासून बी, बीपासून सी, सीपासून सी प्लस प्लस. कोणी कोणाकडून काय घेतले, हे त्यात कळते.

यादीतले घर निरुपद्रवी नसते, हे मराठीवाल्यांनी तरी विसरू नये. ग्रियर्सनच्या भाषा-सर्वेक्षणाच्या १९०५च्या खंडाने कोकणी मराठीच्या घरात मांडली. घटनेच्या आठव्या अनुसूचीत तिला स्वतंत्र जागा मिळाली ती १९९२मध्ये. त्याच खंडात आगरीही एक पोटबोली म्हणून नोंदलेली आहे. डोंबिवलीभोवतीच्या गावांतून आलेला आगरी विद्यार्थी वर्गात तोंड उघडण्यापूर्वी घरची बोली गिळतो. ‘पोट’ या उपसर्गाने त्याची पायरी आधीच ठरवलेली असते.

‘सी कोणत्या पिढीची?’ असे एका गुणासाठी विचारण्यापेक्षा, सी आणि प्रोलॉग एकाच सुमारास जन्मून दोन पिढ्या दूर का, असे विचारावे. त्याचे उत्तर गाइडात मिळणार नाही.