गट नंबर आहे, गाव नाही

रात्री अण्णांच्या छातीत दुखायला लागलं. अ‍ॅम्ब्युलन्स आली, पण कळसच्या गावठाणात थांबली आणि फोनवर रस्ता विचारत बसली. ‘ओढा ओलांडला की डावीकडं, मोठी बाभळ लागली की परत डावीकडं.’ अंधारात कुठली बाभळ दिसणार! शेवटी चुलतभाऊ मोटरसायकलवर गेला आणि तिला मागे मागे घेऊन आला. अण्णा वाचले, म्हणून मी हे शिव्या न देता लिहू शकतोय.

मी पुण्यात सॉफ्टवेअर लिहितो. पत्त्याच्या रकान्यात आमच्या वस्तीचं नाव टाकलं तर काहीच सापडत नाही. दोष अ‍ॅपचा नाही. सरकारी यादी महसुली गावापाशी थांबते. जनगणनेतही आमची डोकी कळसच्या बेरजेत जातात.

‘चार घरांना कसला आलाय इतिहास?’ हे मी शिकलेल्या लोकांकडून ऐकलंय. इंग्लंडमधली चार घरांची वाडीसुद्धा १०८६ च्या डूम्सडे बुकात आपलं नाव शोधते. ती नोंदही राजाला वसुलीसाठीच हवी होती. आणि मोजणी तर आमच्याकडेही झाली! मुंबई इलाख्यात पुढे सगळीकडे गेलेली जमीनमोजणीची पद्धत १८३६ च्या सुमारास इंदापूर तालुक्यातच सुरू झाली. आधीच्या प्रिंगलसाहेबाच्या मोजणीने सारा इतका चढवला होता की लोक जमिनी टाकून निघून गेले. मग गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी दर उतरवून तीस वर्षांसाठी बांधून दिले. मुदत संपल्यावर दर पुन्हा चढले, कापसाचे भाव पडले, कर्ज वाढलं आणि मे १८७५ मध्ये शेजारच्या सुप्यात लोकांनी सावकारांची खतं जाळली.

त्या मोजणीत शेताला नंबर मिळाला. पुढे एकत्रीकरणात त्याचा गट नंबर झाला. शेतात राहणाऱ्याला काही मिळालं नाही, कारण तेव्हा माणसं गावठाणात राहायची. आमचे आजोबा बहात्तरच्या दुष्काळानंतर मळ्यात आले. विहिरीला पाणी लागलं, वीज आली. रात्रीच्या लाईटीला मोटर चालू करायला गावातून रोज कोण येणार? आधी छप्पर, मग पत्रा, मग स्लॅब. भाऊ वेगळे झाले तशी घरं वाढली. आता अकरा आहेत.

ही माणसं एकाच कागदावर एकत्र सापडतात, वस्तीवरच्या शाळेच्या जनरल रजिस्टरमध्ये. माझं नाव त्यात आहे. २०२३ मध्ये वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा एकत्र करून समूहशाळा करायचा विषय निघाला. आमचा पट नऊ. पोरांना बस देऊ म्हणतात. जिथे अ‍ॅम्ब्युलन्स पोचत नाही तिथे बस कशी येणार, ते कुणी सांगत नाही. पावसाळ्यात तर ट्रॅक्टरसुद्धा फसतो.

डिसेंबर २०२० मध्ये वस्त्यांची जातिवाचक नावं बदलायचा निर्णय झाला. योग्यच झाला. म्हणजे वस्तीला नाव असतं हे सरकारला माहीत आहे. मग प्रत्येक वस्तीचं नाव, घरं, माणसं आणि तिथे जाणारा रस्ता ग्रामसभेत वाचून नोंदवायला काय अडचण आहे? नोंद झाल्यावर शाळा बंद करायची असेल तर निदान नाव घेऊन बंद करावी लागेल.

तोवर अण्णांनी फाट्यावर पत्र्याची पाटी रोवलीय. उसाच्या ट्रेलरने ती दोनदा पाडली. दोन्ही वेळा त्यांनी स्वतःच उभी केली, डॉक्टरांनी वजन उचलू नका म्हणून सांगितलेलं असताना.